अपील फेटाळलं, खर्च ज्याचा त्याचा

सन्माननीय अध्यक्षमहाराज, व्यासपीठावरची थोर मंडळी, आज ज्यांना आपण कामातून मोकळं करतोय ते वकीलसाहेब, आणि समोर बसलेले काळ्या कोटातले व बिनकोटातले सगळे, नमस्कार.

वकिलाच्या निरोपाला त्याने जिंकवलेला माणूस बोलतो. इथे उलटं आहे. यांनी जिंकवला तो माझा दादा. तो तिसऱ्या रांगेत बसलाय, आणि माईक बघून त्याला घाम फुटतो. म्हणून हरलेला मी उभा आहे. मी परदेशात इमारतींना बांधकामावर उभं राहायच्या पराती बांधणारा माणूस, शाळा अर्धवट. एका जागी उभं राहणं मला जमत नाही, तेव्हा हललो तर सांभाळून घ्या.

भांडण जिन्याचं होतं. खाली दादाचं शिवणकामाचं दुकान, वर माझी खोली, जिना दुकानातून. मी सुट्टीवर आलो की त्याच्या कापडाच्या गठ्ठ्यांवरून उड्या मारत वर जायचो. एकदा चिखलाचा बूट कुणाच्यातरी लग्नाच्या कोटाला लागला. दादाने जिन्याला कुलूप घातलं. मी दावा घातला. हरलो. अपील केलं, तिथेही हरलो. जिना दुकानाचाच ठरला. फेटाळणारे साहेब आज अध्यक्षस्थानी आहेत, म्हणून जपून बोलतोय.

निकाल सांगून झाला आणि आपले वकीलसाहेब उठले. "अपील खर्चासह फेटाळावं." म्हणजे दादाचाही खर्च मी भरायचा. हरणाऱ्याने भरायचा, हीच रीत. पण मी आईला सांगून आलो होतो, दादाने माझ्याकडून खर्च घेतला तर या घरात पुन्हा पाऊल टाकणार नाही. परतीचं तिकीट खिशात होतं. माझे वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेले. साहेबांनी मलाच विचारलं, "तुमचं काही म्हणणं?"

मी म्हटलं, "साहेब, हरलो ते कळलं. पण अपील करायच्या आधी मी समजुतीने मिटवायला दोनदा दुकानात गेलो होतो. याने मशीनवरून मान वर केली नाही. म्हणाला, कोर्टात बोल."

साहेबांनी वकीलसाहेबांकडे पाहिलं. "हे खरं आहे?"

आता तुम्हीच सांगा, "मला कल्पना नाही" म्हणायला काय लागतं? पण या माणसाला सगळे 'एकमिनिट' म्हणतात ते उगाच नाही. "एक मिनिट, साहेब," म्हणाले, मागच्या बाकापाशी गेले, दादाच्या कानाशी लागले. दादाने मान हलवली, नाही म्हणून. हे पुन्हा वाकले. दादा खाली बघायला लागला. हे परत आले आणि म्हणाले, "खरं आहे, साहेब. दोनदा आला होता."

साहेब म्हणाले, "जिना तुमचा, तो तुम्हाला मिळाला. खर्च द्यायचा की नाही ते मात्र मी बघायचं, आणि ते बघताना तुम्ही कसे वागलात तेही बघायचं. दोन शब्द बोलला असतात तर हे अपील इथवर आलंच नसतं. खर्च ज्याचा त्याने सोसावा."

बाहेर दादा भडकला. "साहेब, तुम्ही नक्की वकील कुणाचे?"

"तुझाच. जिना मिळवून दिला ना? आता भाऊ पाहिजे असेल तर तो त्या खांबाला टेकून उभा आहे. त्याची फी मी घेत नाही."

कानात काय सांगितलं होतं, ते दादाने पुढे सांगितलं. "माझ्या तोंडून खोटं वदवायचं असेल तर दुसरा वकील बघ. हा कोट मला उद्याही मान वर करून घालायचाय."

दादा खांबापाशी आला. मी तिकीट चाचपत होतो. त्याने माझ्या बुटांकडे पाहिलं. मग म्हणाला, "जिना माझा आहे. कोर्टाने सांगितलंय."

"हो. ऐकलं मी."

"मग माझ्या जिन्यावरून कोण चढेल ते मी ठरवणार. बूट खाली काढायचे. चल."

त्या दिवसापासून मी सुट्टीवर आलो की अनवाणी चढतो, आणि गठ्ठे त्याने भिंतीकडे सरकवलेत.

वकीलसाहेब, तुमच्या त्या एका मिनिटाचे आभार. आयोजकांनी हरलेल्याला माईक दिला, त्यांचेही. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर अध्यक्षमहाराज समोरच आहेत. चूक माझ्या पदरात घाला, साहेब, पण खर्चाचं तेवढं मागच्यासारखंच बघा.