घराचा होकार

गिरगावातल्या दवाखान्यात ताप आलेल्या बाळाला घेऊन बसलेल्या नलूच्या कानावर शेजारी बसलेल्या नवरा-बायकोचं आणि त्यांच्या खलाशी मित्राचं बोलणं पडत होतं.

"ऑस्वाल्ड, समितीवाले म्हणतात, म्युनिसिपालटीला उभा राहा. ही नको म्हणते."

"अरे गुरुदत्त, आमची बोट सामोआ बेटाला लागली होती. तिथला एक मंत्री सांगत होता, आधी सगळं घराणं बसून माणसाला आपला प्रमुख नेमतं, मगच त्याला निवडणूक लढवता येते."

"आणि घराणं नाही म्हणालं तर?"

"तर मासे मारायचे!"

"ऐकलंत? लोकांची कामं करणार म्हणे! या बाईंचं बाळ मघापासून कण्हतंय, ते दिसलं का?"

"अगं लीला, खरंच की! बाई, आमच्या नंबरावर तुम्ही जा आत."

"हं. आता भरा उमेदवारीचा अर्ज."

नलू उठली, दाराशी थबकली.

"अहो, तुमचा वॉर्ड कुठला?"