पाटीवरची दुसरी ओळ

— नाही काका, चहा नको, ती छिन्नी तेवढी खाली ठेवा. 'मुलींची अभ्यासिका, तासगाव' ही पहिली ओळ कोरून झालीय ना? छान झालीय. दुसरी अजून नुसती पेन्सिलनं काढलेली दिसतेय — बरं झालं. 'श्री. धन्यकुमार यांच्या उदार देणगीतून' — लिहिताना हसू नाही आलं तुम्हाला? मला वाचून आलं. मग राग आला. मी त्यांची सून, श्रद्धा. लग्नाला अजून वर्ष नाही झालं, घरात मी मोठ्यानं बोलत नाही, त्यामुळं आज तुम्ही सापडलाय.

आण्णांनी, माझ्या सासऱ्यांनी, काय दिलं सांगू? शिव्या. बेदाण्याच्या शेडवर राबणाऱ्या बायकांच्या पोरी आमच्या मागच्या खोलीत अभ्यासाला बसायच्या. बसवल्या कुणी? आत्यांनी, माझ्या सासूबाईंनी. भाकरी घातली त्यांनी, पुस्तकं आणली त्यांनी, आणि आता ही इमारत उभी राहिली तीही आत्यांच्या पापडांवर — लाटून लाटून मनगटं गेली त्यांची. आण्णा दारातनं ओरडायचे, 'लाईट बंद करा गं, बिल काय तुमचा बाप भरतोय?' — झाले उदार!

तुम्ही म्हणाल, एका ओळीसाठी ही पोरगी एवढी का तणतणतेय. सांगते. एम.ए.ला मी अमेरिकेतल्या बायकांवर लिहिलंय. दीडशे वर्षांपूर्वी त्यांनी गोधड्या शिवून विकल्या, केक भाजून विकले, त्यातनं अनाथाश्रम काढले, दवाखाने काढले, दारूच्या गुत्त्यांपुढं ठाण मांडून बसल्या. आणि अहवालात नाव काय? मिसेस जॉन अमुक, मिसेस हेन्री तमुक! एका अध्यक्षबाईंचं स्वतःचं नाव शोधता शोधता माझे डोळे गेले — थडग्यावरसुद्धा 'अमक्याची बायको'. काही संस्था तर खजिनदार बिनलग्नाचीच नेमायच्या, का? तर लग्न झालेलीची सही पैशाला चालायची नाही. पैसा नवऱ्याचा! वाचताना मी म्हटलं, बरं बाई, आपण सांगलीत जन्मलो. कसलं काय!

काय? मालकांना विचारायला पाहिजे? पापड आत्यांचे, मग मालक कुठला? द्या इकडं तो ओला बोळा. — हे बघा. पुसलं. आता लिहा, चंदनबाला. जपून लिहा हं, त्या नावापायी माझं गेलंय. मी चंदना होते. घरात एक चंदनबाला असताना दुसरी चंदना कशाला, म्हणून लग्नात ह्यांनी ताटातल्या तांदळात अंगठीनं 'श्रद्धा' लिहिलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही हसले, फोटो आहे ना. — जाऊ दे, हे तुम्हाला कशाला सांगत बसलेय.

थांबा, आत्यांचाच फोन. — हां आत्या, दुकानातच आहे. — हो, पुसलं. — तुमचं घालायला सांगितलंय, चंदनबाला. — का नको? भिऊ नका हो, आण्णांना मी — काय? चंदनबाला हेही तांदळातलंच? — परत सांगा. — पद्मव्वा. जतचं, माहेरचं. आण्णांना 'अव्वा' गावंढळ वाटलं, म्हणून. — हो. ठेवते.

ऐकलंत? पद्मव्वा. म्हणजे घरात चंदनबाला कुणी नव्हतीच, काका. मग माझं नाव कशापायी —

कोरा. पद्मव्वा कोरा. माझ्याकडं काय बघताय, दगडाकडं बघा.