कपाटाची कोरी पाठ

मंडळी, काकू, माझ्या सुतार भावांनो,

माईक हातात घेतलाय खरा, पण हा हात रंध्याचा. रंधा मारायला सांगा, दिवसभर मारतो. बोलायचं अवघड हाय. तरी अण्णांच्या शोकसभेत बोलणार, कारण त्येंच्या हाताखाली पंधरा वर्षं काढलीत मी.

अण्णा मूळचे जतचे. कोरडा मुलूख. ह्या आपल्या पावसाच्या शिराळ्यात आले, तवा तिकडच्या सवयीनं पहिल्याच घरात मोरीच्या भिंतीला साध्या प्लायचं कपाट चिकटवलं. पुढनं सनमायका, मागनं कोरं, ना रंग ना प्रायमर. एका पावसाळ्यात कपाट असं फुगलं, की दारं मिटंनात. मालकिणीनं मागितलंबी नव्हतं. अण्णांनीच ते उचकटलं आन् नवं करून दिलं.

तवापासनं नवा प्लाय आला की आधी त्याचा तुकडा पातेल्यात उकळायचा. ह्या आपल्या काकू वैतागायच्या, "आवं, चहाला तरी गॅस मोकळा करा!" अण्णा म्हणायचे, "चहा थांबंल गं. उद्या लोकाच्या घरात थर सुटलं तर?"

आमी हसायचो. व्हय, मीबी हसायचो.

आता खरं सांगतो. गेल्या महिन्यात आपल्या शाळेतल्या सरांच्या बाथरूमला लागून मी कपाट बसवलं. घाई व्हती. साधाच प्लाय घेतला, उकळून बघितला न्हाई. पाठ कोरी, कापलेल्या कडा कोऱ्या. अण्णा बघायला आले. दार उघडलंच न्हाई त्येंनी, सरळ बाजूच्या फटीतनं कपाटामागं बोटं घातली. म्हणाले, "गड्या, दिसतंय तेवढंच केलंस. काढ त्ये."

मी काय म्हणालो? "कुणाला कळतंय अण्णा?"

अण्णांनी हात पुसला. चपला घालून गेले. आठ दिवसांनी अण्णाच गेले. आमचं शेवटचं बोलणं हेच. मला त्याची लय लाज वाटती.

सर, तुमी समोरच बसलाय. तुमाला ठाऊक नव्हतं, आता झालं. उद्या सकाळी मी येतो. सगळं कपाट काढतो. पाण्याला टिकणारा मरीन प्लाय लावतो, उकळून बघितलेला. पाठीला, कडांना प्रायमर. भिंतीपासनं बोटभर लांब, हवा खेळायला. चूक माझी, मीच निस्तरणार. आन् हितनं पुढं शिराळ्यात ओल्या भिंतीला माझ्या हातनं कोरी पाठ लागणार न्हाई. सगळ्यांसमोर सांगतो.

अण्णांना त्या दिवशी एकच शब्द द्यायचा व्हता. दिला न्हाई. आज देतो.

अण्णा, काढतो.

मंडळी, उभं ऱ्हावा. अण्णांसाठी दोन मिनिटं कुणी बोलू नका.