हिरोच्या मागचा निळा शर्ट

तुम्ही त्या सिनेमाच्या हिरोचं काय घेऊन बसले बे, माझं ऐका. लोणारच्या सरोवरावर त्यानं आपले फोटो काढणाऱ्या एका माणसाचा मोबाईल हिसकून आपटला, त्याचा व्हिडिओ साऱ्या देशानं पाह्यला. आमच्या डोणगावात मात्र हिरोकडे कोणी पाहूनच नाही राह्यलं. त्याच्या मागं, मोबाईल वर धरून कठड्यावरून उडी मारणारा निळ्या शर्टातला माणूस मी होतो.

अन् त्याच दिवशी मेहकरात बायकोच्या बहिणीचा साखरपुडा. 'कंबर धरली, उठताच येत नाही,' असं सासऱ्याले मीच फोनवर सांगितलं होतं. बायको एकटी गेली.

तिनं तो व्हिडिओ मले चार वेळा दाखवला. चौथ्यांदा बरोबर उडीवर थांबवला. मी भडकलो. 'असा दुसऱ्याचा व्हिडिओ काढते का कोणी? माणसाचं काही खासगी असते का नाही?'

'मंग तुम्ही उडी मारून कोणाचा काढून राह्यले होते?'

दुसऱ्या दिवशी हिरोनं हात जोडून माफी मागितली, त्याचाही व्हिडिओ आला. संध्याकाळी सासऱ्याचा फोन. कमरेचं त्यायनं विचारलंच नाही.

'जावईबापू, हिरोचा माफीचा व्हिडिओ पाह्यला. तुमचा कधी येते?'