पहिल्या फेट्याची फिर्याद

मी मेढ्याच्या वरल्या अंगाच्या गावचा, नाव लिवा सर्जेराव, बाकी लिवू नका. फौजेत सतरा वर्सं काढली, डावा गुडघा तिकडंच ऱ्हायला, म्हंजी पाय हाय पन वाकत न्हाई. आता पाचगणीला एका शाळंच्या गेटावर वॉचमन हाय, उभं ऱ्हायाची नोकरी, तिला गुडघा लागत न्हाई.

तर काय सांगू तुमाला, गावच्या जत्रंत फेटं बांधायचा मान आमच्या घरात. कुस्त्यांच्या मैदानात पयला फेटा हजर असंल त्या सगळ्यात वयानं थकल्या पैलवानाला, मग पाव्हनं, मग पुढारी. ही रीत माज्या आज्याच्या बी आधीची. दोन वर्सांमागं आमचे भाऊसाहेब आले, कवातरी झेडपीत निवडून गेल्ते, आता माजी हायत, पन ते त्यास्नी अजून कुनी सांगितल्यालं न्हाई. दोन गाड्या, दोन मोबाईल, आनि डोकं पुढं करून उभं. मी म्हनलं, भाऊसाहेब, बसा जरा, आधी तुकानाना. तुकानाना ऐंशीच्या पुढचा पैलवान, कानाचा पार गोळा झाल्याला. लोकं हसली. येवढंच. मी हसलो बी न्हाई.

भाऊसाहेबांनी थेट कोर्टात फिर्याद घातली. चारचौघात जानूनबुजून अपमान केला, अब्रू गेली, साखर वाढली. अब्रू आधी किती व्हती ते कुनी इचारलं न्हाई. आनि शेवटाला घातलं, आरोपी दुसऱ्या दिवशी बंगल्यावर आला, गुडघं टेकून पाय धरलं, रडला. आवं, ह्यो गुडघा देवापुढं टेकत न्हाई, मी उभ्यानं हात जोडतो.

समन्स आलं तसा शाळंतनं निरोप आला, केस मिटल्याबिगर येऊ नका. साताऱ्याच्या वकीलबाई म्हनल्या, खटला चालला तर वर्सं जातील, पन हायकोर्ट आता कोल्हापुरात बी बसतंय, तिथं खटल्याआधीच फिर्याद रद्द करून मागू. मी म्हनलं, लय बेस, गुडघ्याचा फौजेचा दाखला आनतो. त्या म्हनल्या, दाखला घरीच ठेवा. तिथं आपला पुरावा बघत न्हाईत, फिर्यादीतला शब्द न् शब्द खरा धरत्यात, आनि तरीबी गुन्हा व्हत नसंल तर रद्द करत्यात. मी म्हनलं, म्हंजी मी पाय धरलं हे बी खरं धरायचं? त्या म्हनल्या, धरायचं, पाय धरनं काय गुन्हा न्हाई. खोटं पाडायचं असंल तर खटला चालवा, मी त्यास्नी उलटं-सुलटं इचारते, चार-पाच वर्सांनी.

आठ दिस इचार केला. बायको म्हनली, खरं काय ते गावाला ठावं हाय, चूल आपली हाय. रद्दच्या अर्जावर सही केली.

रद्द झाली फिर्याद. फेटा आधी दुसऱ्याला बांधला म्हंजी गुन्हा न्हाई, येवढं ऐकायला कोल्हापूर गाठावं लागलं. मी कामावर हजर झालो. पन हुकमाच्या दुसऱ्या पानावर फिर्यादीचं म्हननं थोडक्यात लिवल्यालं, त्यात पाय धरल्याचं वाक्य. भाऊसाहेबांनी तेवढ्याच पानाच्या झेरॉक्सा मारल्या आनि सलूनात, डेरीत, पारावर वाटल्या, बघा, हायकोर्टानं काय लिवलंय. हरल्याला मानूस पेढं वाटल्यागत वाटत फिरला.

मी बाईंना फोन केला, ह्या खोट्याची आता मी फिर्याद घालतो.

"घाला की," त्या म्हनल्या. "मग ते जातील कोल्हापूरला. तिथं तुमचा शब्द न् शब्द खरा धरतील, आनि रद्द करतील."

न्हाई घातली. ज्यांचं खोटं येवढ्या सन्मानानं खरं धरलं गेलं, त्यांच्याशी मी काय भांडू?

औंदा जत्रंला भाऊसाहेब आले, सातव्या नंबरला त्यांचा फेटा. समोर येऊन हळूच म्हनले, सर्जेराव, राग न्हाई ना रं? मैदान गच्च भरल्यालं, हलगी जरा थांबल्याली. मानूस उंच, आनि मला टाच उचलता येत न्हाई.

"न्हाई भाऊसाहेब," मी म्हनलं, "डोकं जरा खाली घ्या."

घेतलं. नऊ वार कापड हाय, मी सावकाश बांधलं. देव त्यास्नी उदंड आयुष्य देवो, दरसाल यावं.