सुनेला आवडलेली ओल

...आणि सून गोड बोलायला लागली ना, की सासूनं आधी आपल्या ट्रंकेला कुलूप घालावं! नाही, माझा स्वभाव संशयी नाही. पण तुम्हीच सांगा, ऑफिसातली पंख्याखालची नोकरी सोडून आलेली बाई सकाळी सकाळी माझ्या खोलीत येते, भिंतीवरून हात फिरवते आणि म्हणते काय, "आई, काय सुंदर ओल आहे हो इथं!" सुंदर? अहो, त्याच ओलीनं माझा खोकला हटत नाही! मुलाला सांगून सांगून जीभ झिजली, "खोली बदल रे बाबा," तर पेपरातून मान वर न काढता, "बघू गं आई..." अजून बघतोयच!

मग पेंढा आला. पोतीच्या पोती! म्हटलं, "माझ्या उशाशी गाय बांधतेस का गं?" तर हसते नुसती. "शेती करणार, आई. अळंबीची." ना जमीन, ना बांध, आणि शेती? तिच्या दोन मैत्रिणीही सामील. पेंढा उकळतायत, पिशव्यांत भरतायत, कुजबुजतायत... माझा स्वभाव संशयी नाही, पण शेतीत कुजबुज कशाला?

आणि ज्याला इतकी वर्षं सवड नव्हती, त्या मुलानं एका रविवारी माझी खाट उचलली! "तू आमच्या खोलीत, आई. तिथं ऊन येतं. आम्ही बाहेर झोपू." स्वतः बाहेर, आणि म्हातारीला ऊन? म्हटलं, आज खोलीतून काढलं, उद्या घरातून!

महिन्यानं डोकावले, तर सून दारातच, "आई, आधी पाय धुवा." माझ्याच खोलीत! आत बघते तर छताला पिशव्या टांगलेल्या, आणि भोकाभोकांतून पांढरेशुभ्र कान बाहेर आलेले! आता रोज हॉटेलवाला दाराशी उभा, आणि मैत्रिणींनीही नोकऱ्या सोडल्या. माझा खोकला? गेला की! कधी गेला, कळलंसुद्धा नाही. नाही, सून गुणाची आहे, मी कुठं नाही म्हणते?

पण मुलगा! मी त्या ओलीत खोकत होते, तेव्हा दार लोटून बघितलं नाही. आता? अळंबी जरा पिवळी दिसली की धावला! सकाळी डोकावतो, जेवून डोकावतो, "पाणी मिळालं का? गुदमरत नाही ना?"

म्हणून तुम्हाला सांगते, आता मीही दुपारी पाय धुऊन तिथंच जाऊन बसते. पिशव्यांच्या रांगेत. निदान डोकावतो तरी!