चांद्याची म्होरकी

पोंभुर्ण्याच्या स्टँडवर सरिता एसटीची वाट पाहत बसली होती. शेजारी ठमाबाई आपल्या गावच्या बुधूभाऊंशी बोलत होत्या, अन् त्यांचा आवाज साऱ्या बाकाला पुरत होता. सरितानं हातातला मोबाइल कधीच पिशवीत टाकला होता.

“आपल्या शिवारात शूटिंग झालं नं, त्या मारामारीच्या पिक्चरमंदी माहाच बैल हाय, भाऊ. पण गावात कोणी मानलं नाई.”

“कसं मानतीन, बाई? टॉकीजमंदी मले तं निरा धुराळा दिसला.”

“मंग माह्या जावयाच्या घरी या. त्यानं फोर-केची डिस्क आणली अन् भल्यामोठ्या टीव्हीवर लावली. चांद्याच्या कपाळावरचा पांढरा चांद दिसते. तोंडावरच्या दोरीच्या म्होरकीत मी माह्या लुगड्याचा हिरवा काठ गुंफला होता नं, त्याचा धागा न् धागा दिसते!”

“बॉम्ब फुटला तवा पळाला असन.”

“कोण, चांद्या? मोटारी उडल्या, हिरो मातीत लोळला. ह्यानं कान बी नाई हालवला!”

“मोठ्या काळजाचा होता. औंदा पोळ्याले तुमच्या दारी त्याचा खुटा रिकामा पाहून मले कसंतरीच झालं.”

ठमाबाईंनी पदर सारखा केला.

“अन् शेवटी हिरो जिंकला का नाई, बाई?”

“कोणाले मालूम! चांद्या दिसला तसा मी जावयाले पिक्चर थांबवाले लावला. तो म्हणे, मामीजी, पुढं पाहाचं नाई काय? मी म्हटलं, पुढं काऊन जाऊ? माहा चांद्या तं इथी उभा हाय.”